गुरूवरचं वादळ आधी कोणी पाहिलं

बर्नली, ४ ऑगस्ट १९२५

ईनॉक,

पाकिटावरचं अक्षर ओळखून तू ते आधी बाजूला ठेवलं असशील आणि तुझ्या बायकोने, योहानाने, उघडायला लावलं असेल. बाबा गेल्याचं कळवलं त्यानंतर आठ वर्षांत मी तुला एक ओळ लिहिलेली नाही. आजही ख्यालीखुशालीसाठी लिहीत नाहीये.

तुझी यादी आज सकाळी आली. मार्चमध्ये खगोल मंडळाच्या नव्या सभासदांत ‘ई. थॉर्नबर, डी आर, केप प्रांत’ असं वाचलं तेव्हाच माझ्या मनात पाल चुकचुकली होती. चौदा वर्षं आफ्रिकेत, त्या डी आर जंक्शनात, रेल्वेची इंजिनं दुरुस्त करणाऱ्या माणसाला अचानक गुरू ग्रहाची आठवण का व्हावी? पण मी गप्प बसले. सभासद वेळा पाठवतात, त्यावरून डागांच्या जागा काढणं एवढंच माझं काम. डाग गुरूच्या बरोबर मधोमध आला की किती वाजले ते त्यांनी लिहायचं, तो डाग कितव्या अंशावर बसतो ते मी सांगायचं, आणि मंडळाचे प्रमुख रेव्हरंड ऑल्डविंकल यांनी ते छापायचं. दिवसभर गिरणीच्या साचेखात्यात कापड विणणारे चार साचे सांभाळायचे आणि संध्याकाळी हे गणित. कोण कुणाचा भाऊ हे त्यात येत नाही.

आता नीट ऐक. जुलैच्या सुट्टीचा आठवडा होता. गिरण्या बंद, सगळं बर्नली ब्लॅकपूलच्या वाळूत जाऊन बसलेलं. धुरांड्यांतून धूर निघत नाही असा वर्षातला हा एकच आठवडा. गुरू यंदा आमच्याकडे इतका खाली आहे की तो मला दोन धुरांड्यांच्या फटीतूनच सापडतो. पाच तारखेच्या रविवारी रात्री मी दुर्बिणीला डोळा लावला आणि दक्षिणेचा तो पट्टा, जो तीन वर्षं फिका पडून जवळजवळ पुसला गेला होता, त्यात एक पांढराशुभ्र ठिपका दिसला. उतू जाणाऱ्या दुधाचा पहिला बुडबुडा येतो तसा. ठिपका म्हणते, पण आपली अख्खी पृथ्वी त्यात मावून वर जागा उरली असती. तो मधोमध आला तेव्हा ग्रिनिचचे दहा वाजून आठ मिनिटं झाली होती. सोमवारी सकाळी मी ऑल्डविंकलसाहेबांना तार केली. गुरुवारपर्यंत त्या ठिपक्यामागून काळे डाग ओघळायला लागले होते, फिका पट्टा ढवळून निघाला होता, आणि वर्तमानपत्रात माझं नाव आलं होतं. ‘गिरणीतल्या बाईने पाहिलं गुरूवरचं महावादळ’. पुढच्या चॅपल समितीत माझ्या सन्मानाच्या चहापानाचा ठराव झाला.

आणि आता तुझी यादी म्हणते की तू ते ३० जूनला पाहिलंस. मग २ जुलैला. मग ५ जुलैला, दहा वाजून आठ मिनिटांनी.

ईनॉक, तुझ्या पाकिटावर १४ जुलैचा शिक्का आहे. ऑल्डविंकलसाहेबांची तार केपच्या वेधशाळेला ८ तारखेला पोचली आणि तिथल्या वर्तमानपत्राने ती वेळेसकट छापली. ते वर्तमानपत्र शनिवारी तुमच्या स्टेशनात आलं असणार. तीन दिवस तुझ्या हाती होते. एका डागाची जागा आणि गती माहीत असली की मागच्या तारखांच्या वेळा काढणं बाबांनी आपल्या दोघांना बाराव्या वर्षीच शिकवलं होतं.

तू म्हणशील योगायोग. मग हेही सांग. ससेक्सचे डॉक्टर, लिस्बनचे गृहस्थ आणि बाकीचे सातजण या सगळ्यांपेक्षा माझा आकडा नेहमी दोन अंशांनी कमी येतो. वीस वर्षं येतोय. ऑल्डविंकलसाहेब त्याला गमतीने ‘मिस थॉर्नबरचे दोन अंश’ म्हणतात. बाकीच्यांचे डोळे मंद आहेत असं माझं मत आहे, आणि ते मी त्यांना कळवलंही आहे. आणि तुझे आकडे? मेपासूनची एकूण एक वेळ तपासली. तुझेही दोन अंश कमी. जगात दोनच माणसं एका आकड्यावर आहेत, आणि त्यातल्या एकाने दुसऱ्याचे छापील आकडे वाचलेले आहेत. कुठे पाणी मुरतंय ते मला दिसतंय.

आणखी एक. खरंच ३० जूनला पाहिलंस, तर तार का केली नाहीस?

ही यादी तू आपणहून मागे घे. वेळा लिहिताना चूक झाली म्हण. मी अजून कुणाला काही बोललेले नाही.

केझाया

बर्नली, १२ ऑगस्ट

ईनॉक,

मागच्या पत्रातलं शेवटचं वाक्य खोटं होतं. तुझं पत्र टाकायला निघाले तेव्हा ऑल्डविंकलसाहेबांना लिहिलेलं पत्र माझ्या दुसऱ्या खिशात होतं. दोन्ही एकाच पेटीत टाकली.

मी आरोप केला नाही. फक्त दोन याद्या शेजारी शेजारी मांडल्या, टपालाच्या शिक्क्याची तारीख लिहिली आणि म्हटलं की यावर आपणच विचार करावा. रेव्हरंड माणूस. विचार केला. काल त्यांचं उत्तर आलं: ‘नातं असूनही आपण हे पुढे आणलंत, हे फार कठीण गेलं असेल.’ तुझी यादी बाद झाली आहे आणि सभासदांतून नाव काढल्याचं ते तुला स्वतः लिहिणार आहेत. वादळावरचं पुस्तक डिसेंबरात छापायला जाईल. त्यात पहिली नोंद माझी.

फार कठीण गेलं नाही, हे मी तुलाच सांगू शकते. कारण तू असा आहेस हे मला १९११ पासून माहीत आहे. बाबांनी दुर्बिणींसाठी दोन आरसे घासले होते. मोठा, आठ इंची, तू जाताना घेऊन गेलास. ‘बाबांनी दिला’ म्हणालास. मी बाबांना विचारलं तर त्यांनी नुसती मान फिरवली. सहा महिने रात्री-रात्री बसून घासलेला आरसा माणूस असा देऊन टाकतो? मी इथे राहिले, मी त्यांना भरवलं, आणि माझ्या वाट्याला साडेसहा इंची आला. मी चोर हा शब्द वापरला नव्हता. तुला तो ऐकू आला असेल तर आला असेल.

केझाया

बर्नली, १७ सप्टेंबर

ईनॉक,

तुझं पत्र पोचलं. सहा ओळी. इथे उतरवून ठेवते, म्हणजे तू काय लिहिलंस ते पुढे तुलाही नाकारता येणार नाही:

‘केझी, मी ३० जूनला पाहिलं. तीनदा पाहिल्याशिवाय तोंड उघडायचं नाही, हे बाबांचं सांगणं तू विसरलीस, मी नाही. म्हणून तार नाही. यादी मी पहिल्या आणि चौदाव्या तारखेला पाठवतो, ही चौदावीची होती. इथे कडाक्याची थंडी आहे, गुरू डोक्यावर असतो, मान दुखते. योहाना आणि मुली बऱ्या आहेत.’

बास? कुणी मला चोर म्हटलं असतं तर मी सहा पानं लिहिली असती. इतकं शांत बसून लिहिणाऱ्या माणसाचा मला जास्त संशय येतो. आणि तीनदा पाहण्याचं म्हणशील, तर तो नियम मी विसरलेले नव्हते. आमच्याकडे आठवडाभर आकाश मोकळं राहील याची खात्री नव्हती, म्हणून मी पहिल्याच दिवशी तार केली. तसंच आणखी कुणी आधी तार करेल याची भीती होती, तेही लिहिते. तुझ्यापासून लपवून काय करायचंय.

वादळाचं विचारशील तर (विचारलं नाहीस) ते अजून चालू आहे. मूळ पांढरा ठिपका अडीच महिने त्याच ठिकाणी उकळतोय, आणि त्यातून निघालेले काळे डाग पट्टाभर पसरत गुरूला पुरा वळसा घालून मागून परत त्याच्यावरच येऊन आदळतायत. लाल डाग मात्र जागचा हलत नाही, त्याच्या कडेने सगळं वाहून जातं. पट्टा आता विटकरी दिसतो. तिथे ना जमीन आहे ना डोंगर, मग हे थांबणार कशाला अडून? एवढं मोठं काहीतरी इतकं शांतपणे चाललेलं पाहिलं की मी पेन्सिल खाली ठेवून नुसती बघत बसते. हे ज्याला सांगता येईल असं माणूस इथे नाही, म्हणून लिहिलं. त्याचा दुसरा अर्थ काढू नकोस.

येत्या शनिवारी सॅगरकाका दुर्बीण पाहायला येणार आहेत. साचेखात्याचे आपले जुने जॉबर, म्हणजे मुकादम, सेथ सॅगर, बाबांचे दोस्त, तेच. आता एकोणऐंशी वर्षांचे. वर्तमानपत्रात वाचल्यापासून मागे लागलेत. ते काय हेरायला येतायत देव जाणे.

केझाया

बर्नली, २७ सप्टेंबर

ईनॉक,

सॅगरकाका येऊन गेले. साच्यांच्या खडखडाटाने ते आता बाबांसारखेच ठार बहिरे झालेत. आपण ओठ हलवून बोलायचं, ते ओठ वाचणार आणि उत्तर मात्र सगळ्या आळीला ऐकू जाईल असं देणार.

त्यांनी एक गोष्ट सांगितली, ती तुला कळवणं मला भाग आहे. आरशाची गोष्ट निघाली. निघाली म्हणजे मीच काढली.

“तो घेऊन गेला, तुला माहितीये ना काका?” मी म्हटलं.

“घेऊन काय गेला!” ते ओरडले. “पेटी मी केली त्याची! देवदाराची. तुझ्या बापाने आरसा तुझ्या आईच्या फ्लॅनेलच्या परकरात गुंडाळून माझ्यासमोर आत ठेवला. म्हणाला, पोर आता परत यायचा नाही, निदान माझी एक वस्तू त्याच्याकडे असू दे.”

“मग मला का नाही बोलले?”

“तुला बोलायची छाती कुणाची होती गं? तू तेव्हाही अशीच बघायचीस!”

सॅगरकाकांचं वय झालंय, आठवणीत गोष्टी एकमेकींत मिसळतात. किती खरं धरायचं हा प्रश्नच आहे. तरी देवदार म्हणाले ते मी तुला कळवलं. पेटी देवदाराची आहे का, तेवढं लिही.

बाकी विशेष काही नाही. त्या संध्याकाळी हवा बरी होती. डागाची एक वेळ घेतली. ती नेहमीसारखीच.

चहापान १० ऑक्टोबरला ठरलंय. महापौर येणार म्हणतात. मला निळा पोशाख शिवायला टाकावा लागला.

केझाया

बर्नली, २० ऑक्टोबर

ईनॉक,

काल तुझ्या बायकोचं पत्र आलं. चौदा वर्षांत पहिल्यांदा. मी तिच्याशी कशी वागले ते पाहता तिने शिव्या घालायला हव्या होत्या. तिचं इंग्रजी मोडकं आहे, पण मला समजलं. ती लिहिते, रेव्हरंडांचं पत्र आलं त्या दिवशी तू आरसा काढून पेटीत ठेवलास. तू कुणाला काही बोलला नाहीस, कामावर जातोस, जेवतोस. ‘फक्त संध्याकाळी अंगणात बसतो तेव्हा वर बघत नाही. इथे वर बघण्यासारखं तेवढंच आहे.’ आणि खाली: ‘तो स्वतः सांगणार नाही, पण मला वाटतं तुम्हाला माहीत असावं, ती पेटी देवदाराची आहे.’ हे वाक्य मला कळलं नाही, ईनॉक. पेटीबद्दल विचारणारं माझं २७ सप्टेंबरचं पत्र तिने हे लिहिलं तेव्हा समुद्रातच होतं. मी पाच वेळा वाचलं. तिला कुणी कळवलं? सॅगरकाकांनी? त्यांचं तुझ्याशी पत्र चालतं आणि माझ्यापासून लपवतात?

पाहिलंस? अजूनही मी हेच करतेय. काकांना विचारलं. म्हणाले, “हो, ऑगस्टातच लिहिलं मी तिला. चोर म्हणतेस तू त्याला, मग मी काय हातावर हात ठेवून बसू?”

तेव्हा आता मी खरं सांगते. ते मला गेल्या महिन्याच्या १९ तारखेपासून माहीत आहे.

त्या शनिवारी सॅगरकाका आले तेव्हा गुरू आधीच खाली उतरत होता. माझ्या गणिताप्रमाणे ठिपका सात वाजून एकवीस मिनिटांनी मधोमध यायचा होता. काका म्हणाले, “घड्याळ मला दे, तुझ्या बापासारखं मी धरतो.” मी म्हटलं धरा. ठिपका मधोमध आला असं वाटताच मी डोळा न काढता हात वर केला. मागे खुडबूड ऐकू येत होती. काका चष्मा शोधत होते, तो सापडल्यावर काडी ओढली, ती विझली, दुसरी ओढली, मग घड्याळाचं झाकण उघडलं. आणि लिहिलं: सात चोवीस.

मी त्यांच्यावर उखडले. तीन मिनिटं घालवलीत म्हटलं.

ते हसायलाच लागले. “अगं, तुझा बापही एवढाच वेळ लावायचा! तुम्हा दोघांना ते ठाऊक होतं. त्याला ऐकू येत नाही, दिसायला वेळ लागतो, म्हणून तुम्ही पोरं डाग मधे यायच्या आधीच हात वर करायचात. तो मला गिरणीत सांगायचा, ‘सेथ, माझी पोरं मला म्हातारा समजतात, पण सांगत नाहीत. मीही सांगत नाही की मला कळलंय.’”

ईनॉक, तुला आठवतं? मला आठवत नव्हतं. शपथेवर सांगते, पुसट सुद्धा नाही. आपण कधी एकमेकांशी हे बोललो नाही, कधी ठरवलं नाही. मी नऊ वर्षांची, तू पाच. आळीपाळीने दुर्बिणीला डोळा लावायचो. बाबांची फजिती होऊ नये म्हणून हात थोडा लवकर वर. मग वर्षं गेली, बाबांनी घड्याळ धरणं सोडलं, मी माझं घड्याळ माझ्या हातात धरायला लागले, आणि डोळ्याने मात्र ते सोडलं नाही. डाग मधोमध यायच्या तीन मिनिटं आधी मला तो मधोमध आलेला दिसतो. तुलाही दिसतो. जगात आपल्या दोघांनाच दिसतो, कारण तसा बाप आपल्या दोघांनाच होता.

काका गेल्यावर मी बाबांच्या जुन्या वह्या काढल्या. त्यातल्या वेळा मंडळाच्या १८९८ च्या पुस्तकाशी ताडून पाहिल्या. डोळे आपले, घड्याळ बाबांचं, आणि प्रत्येक वेळ बाकीच्या जगाशी जुळणारी. आणि १९०४ नंतरची, एकट्या माझी, एकही नाही.

म्हणजे ५ जुलैला त्याच मिनिटाला तू आफ्रिकेत आणि मी इथे हात वर केला होता. तुझ्या यादीत जे मला चोरीचा पुरावा वाटलं, तेच तू खरा असल्याचा पुरावा आहे. वर्तमानपत्रातून मागचं गणित करून कुणीही ३० जूनची वेळ काढू शकतं, हे खरं. पण मेमधल्या त्या छोट्या काळ्या डागांच्या वेळा मी कुठेच छापल्या नव्हत्या, आणि त्यातही तुझे दोन अंश कमीच आहेत. हे मला ऑगस्टातच दिसायला हवं होतं. तेव्हा मी एकच गोष्ट शोधत होते आणि ती मला सापडली.

हे कळून महिना झाला. त्या महिन्यात मी काय केलं? तुला ‘नेहमीसारखीच’ असं लिहिलं. निळा पोशाख शिवला. दहा तारखेला चॅपलमध्ये जाऊन बसले. महापौर बोलले. केकवर साखरेने गुरू काढला होता, पट्टे आणि लाल डागासकट, आणि पहिला तुकडा मी कापला. सगळे टाळ्या वाजवत होते आणि माझ्या तोंडात तो तुकडा फिरत होता. तरी मी गिळला. घरी आल्यावर स्वतःला समजावलं की तुझं नाव गेलं ते गेलंच, तुला तिकडे कोण ओळखतं, आणि माझी एकवीस वर्षं मात्र इथे सगळ्यांसमोर खोटी ठरतील. तुझ्यासाठी एक ओळ, माझ्यासाठी सगळं आयुष्य. तू जसा आहेस, तुला चालेल, असं मी ठरवून टाकलं.

मग योहानाचं ते वाक्य आलं. वर बघत नाही.

मला माफ कर असं लिहिणार होते. लिहून खोडलं. आधी काम करते, मग मागते.

केझी

बर्नली, २९ नोव्हेंबर

ईनॉक,

काम झालं.

ऑल्डविंकलसाहेबांना मी २१ ऑक्टोबरला अकरा पानं पाठवली. बाबांच्या वेळा, माझ्या वेळा, तुझ्या वेळा, शेजारी शेजारी. तुला दोषी ठरवायला मी दोन याद्या मांडल्या होत्या, या वेळी तीन मांडल्या. हात वर करण्याचंही लिहिलं. ते एवढं सविस्तर लिहावं लागेल याची लाज वाटत होती, पण त्याशिवाय कुणाचा विश्वास बसला नसता. खाली लिहिलं की हे मला महिनाभर आधीपासून माहीत होतं.

त्यांचं उत्तर यायला तीन आठवडे लागले. त्या तीन आठवड्यांत मी त्यांच्यावर काय काय संशय घेतले ते सांगत नाही. ते स्वतः माझ्या सगळ्या वेळा पुन्हा तपासत बसले होते, एवढंच.

डिसेंबरच्या पुस्तकात पहिली ओळ अशी जाईल: ‘वादळ प्रथम पाहिले ई. थॉर्नबर, डी आर, यांनी, ३० जून १९२५.’ तुझं नाव सभासदांत परत आलंय. रेव्हरंडांनी तुला वेगळं पत्र टाकलंय, माफीचं, ते या पत्राबरोबरच पोचेल. वेळांवरून जागा काढायचं काम मी सोडलं. ससेक्सच्या डॉक्टरांनी घेतलं. त्यांचे डोळे मंद आहेत असं मी त्यांना दहा वर्षं कळवत होते, तरी माणसाने कामाच्या वह्या नेताना मला टोपी काढून नमस्कार केला.

शेवटी, सभासदांच्या यादीखाली बारीक अक्षरात एक टीप छापायची आहे. मजकूर त्यांनी मला तपासायला पाठवला: ‘के. थॉर्नबर आणि ई. थॉर्नबर या दोघांच्या सर्व वेळांत तीन मिनिटे मिळवावीत.’ समासात त्यांनी पेन्सिलीने विचारलं होतं, कारण द्यायचं का? मी लिहिलं, नको, ते घरातलं आहे.

गेल्या रविवारी चॅपलमध्ये उभी राहिले आणि सगळ्यांना सांगितलं की तो केक तुझा होता. मग सॅगरकाका, ज्यांना मी काय बोलले ते ओठांवरून तरी समजलं असेल की नाही कोण जाणे, सगळ्या चॅपलला ऐकू जाईल असं म्हणाले, “मग आता दुसरा करा की, त्यात रडायचं काय!” मी रडत होते हे मला त्यांच्याकडून कळलं.

गुरू आता सूर्याकडे सरकलाय. संध्याकाळी धुरातच मावळतो, आमच्याकडे यंदाचं संपलं. वादळ ओसरत होतं ते शेवटचं मी पाहिलं. पांढरा ठिपका विझून त्या जागी नुसता गढूळ पट्टा उरला होता. ते पूर्ण शांत झालं की नाही हे इथून कुणालाच दिसलेलं नाही. तुमच्याकडे अजून तासभर तरी दिसत असेल. मी सांगत नाहीये की बघ. मी फक्त कळवतेय की दिसत असेल.

मागच्या पत्रात जे खोडलं होतं ते आता लिहिते. मला माफ कर, ईनॉक. यादीसाठी, आरशासाठी, आणि बाबांच्या आजारपणातली तुझी पत्रं न उघडता ठेवली त्यासाठी. हो, तीही. बाबांना मी सांगायची की आफ्रिकेतून काही येत नाही. ती मी परवा वाचली. सतरा आहेत.

माझं २० ऑक्टोबरचं पत्र तुला ११ नोव्हेंबरच्या सुमारास मिळालं असणार. तू लगेच लिहिलं असलंस तर ते उद्या साउदॅम्प्टनला लागणाऱ्या बोटीत आहे, आणि मंगळवारी माझ्या दारात. मी गिरणीच्या भोंग्याआधी तासभर उठून टपालवाल्याची वाट बघणार आहे. आणि त्या दिवशी काही आलं नाही, तर मी बोटीवर संशय घेईन. केपच्या पोस्टावर घेईन, समुद्रावर घेईन, टपालवाल्याच्या पिशवीला भोक पडलंय असं म्हणेन. त्याच्या पुढच्या मंगळवारीही तसंच म्हणेन. तुझ्यावर घेणार नाही.

केझी